सुभेदार नांदेडला निघाला

लुंबिनी वाघमारे वाघ सांभाळते, हे ऐकून हसला नाही असा माणूस लातुरात सापडणं अवघड. किराणा दुकानदार हसायचा, घरमालकीण हसायची, आणि बँकेत खातं उघडायला गेली तेव्हा तिथला साहेबही आडनाव आणि नोकरी एकापाठोपाठ वाचून गालातल्या गालात हसला होता. लुंबिनीला त्याचं काही वाटत नसे. उलट तीच पुढं होऊन सांगायची, "आडनाव बापाचं हाय, वाघ माझा हाय." मग समोरच्याला वेळ असो नसो, वाघाची कथा सुरू व्हायची. विनय हा गुण तिला कुणी शिकवला नव्हता, आणि शिकवला असता तरी तिनं तो घेतला नसता.

वाघाचं नाव सुभेदार. औसा रस्त्याला शहराच्या कडेवर एका संस्थेची जुनी, लहानशी प्राणीबाग होती. शिरलं की आधी चिंचेची झाडं, मग हरणांचं कुंपण, मग मोरांची जाळी, आणि सगळ्यात आत सुभेदाराचं आवार. आता तो म्हातारा झाला होता. चालताना मागचा डावा पाय जरा ओढायचा, दातही झिजलेले. पण बसायचा असा, की समोरच्यानं अर्ज घेऊनच यावं. पोरं जाळीपलीकडून ओरडायची, माणसं फोन नाचवायची, आणि सुभेदार सगळ्यांच्या डोक्यावरून लांब कुठंतरी बघत राहायचा.

लुंबिनी उजाडता उजाडता यायची. आधी सगळी कुलपं ओढून बघायची, एकदा नाही दोनदा. मग रात्रीच्या खोलीत पाणी किती प्याला, विष्ठा कशी आहे, हाडं किती उरली, हे बघायचं. तोवर सुभेदार गजांपाशी यायचा आणि तिच्याकडं तोंड करून नाकातून हवा सोडायचा, फुर्रर्र करून. वाघ हा आवाज फक्त आपल्या माणसांसाठी काढतो, असं बागेच्या डॉक्टर सुकन्या बिरादार यांनी तिला एकदा सांगितलं होतं. डॉक्टरांनी एकदा सांगितलं, लुंबिनीनं अख्ख्या लातूरला शंभरदा सांगितलं.

तिच्या जोडीला सटवाजीमामा. शिरूर अनंतपाळकडचे, घरी भावांची शेती, पण यांचा जीव इथं बागेत रमलेला. दरवाजाची साखळी ओढणं आणि मांस टाकणं ही कामं त्यांची. पोट साफ राहावं म्हणून वाघाला आठवड्यातून एक दिवस उपाशी ठेवतात. बाग सोमवारी बंद, म्हणून उपासही सोमवारी. मामा स्वतः सोमवार धरायचे. "महादेवाचा भक्त हाय आपला सुभेदार," असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला गंभीर चेहऱ्यानं सांगायचे, आणि अर्ध्या लोकांना ते खरं वाटायचं.

एकाच माणसापुढं लुंबिनीची ही बढाई चालत नसे. ती म्हणजे तिची आई, पंचफुला.

पंचफुला अहमदपूरला राहायची. लेक काय करते असं गल्लीत कुणी विचारलं की ती विषयच बदलायची. त्याला कारण होतं. तिच्या सासऱ्यानं छप्पन साली धम्म घेतला आणि गावात परत येऊन पहिलं काम काय केलं, तर मेलेली ढोरं ओढायचं बंद केलं. गावानं पाणी तोडलं, मजुरी तोडली, पण त्या माणसानं पुन्हा ढोराच्या शेपटीला हात लावला नाही. पंचफुला त्या घरात सून म्हणून आली ती हीच गोष्ट ऐकत. दुसऱ्या घरांत पोरांना किल्ले जिंकल्याच्या गोष्टी सांगतात, तशी तिनं ही गोष्ट लुंबिनीला सांगितली होती. आणि तीच पोरगी बी.एस्सी. होऊन रोज सकाळी टबात रेड्याचं मांस तोलत होती.

"तुज्या आज्यानं उपाशी राहून ते सोडलं," पंचफुला म्हणायची, "अन् तू शिकून सवरून त्यातच हात घातलास."

"माय, आजोबानं सोडलं ते गळ्यात बांधलेलं होतं म्हणून. हे मी मागून घेतलंय. परीक्षा दिली, मुलाखत दिली, खाकी घातली."

"मांस ते मांसच असतंय, लुंबे."

यावर लुंबिनी तावातावानं बोलायची, फोन आपटायची, दुसऱ्या दिवशी पुन्हा लावायची. पंचफुलानं लेकीचं काम बघायला पाऊल म्हणून टाकलं नव्हतं.

हिवाळ्याच्या तोंडाला बातमी आली. नव्या नियमांप्रमाणे एवढ्याशा जागेत वाघ ठेवता येत नव्हता. नांदेडजवळ माळावर नवं प्राणी केंद्र उभं राहिलं होतं; झाडी, उतार, डुंबायला तळं. सुभेदारानं उरलेले दिवस तिथं काढायचे ठरलं. आणि त्याला ओळखणारं माणूस हवं म्हणून लुंबिनीलाही कायमचं तिकडं बोलावलं. त्या दिवशी तिचे पाय जमिनीवर नव्हते. घरमालकिणीला पेढे, दुकानदाराला पेढे, आणि सटवाजीमामांना मिठीच मारायची बाकी राहिली होती.

मग डॉक्टर सुकन्यांनी तिला बाजूला घेतलं. डॉक्टर उदगीरच्या. बोलणं मोजकं, पण गोड बोलून खोटी आशा लावायची सवय नाही.

"त्याच्या किडन्या थकल्यात, लुंबिनी. भुलीचं इंजेक्शन मारून उचलला तर झोपंल. पण उठंलच, असं मी म्हणणार नाही."

"मग?"

"मग त्यानं आपल्या पायानं पिंजऱ्यात चढायचं. दुसरा रस्ता नाही."

लुंबिनी हसलीच. नांदेडची माणसं पाहणीला आली, तेव्हा बागेचे व्यवस्थापक उमाशंकर साहेब काळजीनं घामाघूम झाले होते. त्या सगळ्यांसमोर ती म्हणाली, "एका शब्दावर येतो साहेब माझा वाघ. उगं टेन्शन घेऊ नका."

प्रवासाचा पिंजरा आला. जाड लोखंडी गजांचा, खाली फळ्या, दोन्ही तोंडांना वर सरकणारे दरवाजे. तो रात्रीच्या खोलीच्या पुढच्या दाराला चिकटवून लावला. सुभेदाराला आवारातून खोलीत आणायला आजवर शब्द लागला नव्हता. लोखंडी बादली वाजली की तो आपला आपण यायचा. आताही बादली वाजल्यावर तो पिंजऱ्याच्या तोंडापर्यंत आला. नव्या लोखंडाचा वास घेतला आणि थबकला. शेवटची चार पावलं टाकायला त्याला कुणीतरी धीर द्यायला हवा होता. लुंबिनी पिंजऱ्याच्या दुसऱ्या टोकाला गजांबाहेर उकिडवी बसली, लांब काठीच्या टोकाला काळजाचा तुकडा लावला आणि मायेनं हाक मारली.

"ये रे सुभेदार. ये, ये."

सुभेदारानं तिच्याकडं बघितलं. तुकड्याकडं बघितलं. मग वळला, पाय ओढत खोलीच्या मागच्या कोपऱ्यात गेला आणि आपल्या लाकडी फळीवर जाऊन बसला.

"पहिलाच दिवस हाय," सटवाजीमामा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही तेच. लुंबिनी जितकी जीव तोडून 'ये' म्हणायची, तितका तो लगबगीनं मागं जायचा. एकदा तर पुढचे दोन्ही पंजे पिंजऱ्यात टाकले, मान आत घातली, आणि आनंदानं लुंबिनीच्या तोंडून निघालं, "ये, ये, शाब्बास!" झालं. पंजे काढून स्वारी कोपऱ्यात. बकऱ्याचं काळीज झालं, कोंबडी झाली, पिंजऱ्यात त्याच्याच आवारातलं गवत पसरून झालं. मामांचं म्हणणं, रुसलाय. उमाशंकर साहेबांचं म्हणणं, म्हातारपणी डोकं फिरलंय. डॉक्टर नुसत्या बघत होत्या आणि डोकं खाजवत होत्या.

वाघ हलवायच्या परवानगीची मुदत संपत आली. गाडी ठरली. त्या सकाळी सुभेदार चढला नाही तर भूल द्यायची, असं वरून कळलं. डॉक्टरांनी औषधाची मात्रा काढून ठेवली. तेव्हा त्यांचा चेहरा असा झाला होता, की लुंबिनीला त्यांच्याकडं बघवेना.

ती गप्प झाली. दुकानदारानं "काय म्हणतोय वाघ?" असं विचारलं तर "बरा हाय" एवढंच. एका शब्दावर येतो म्हणाली होती ना, तो शब्द आता घशात काट्यासारखा रुतून बसला होता. माझ्या बढाईपायी हा मरणार, असं तिला वाटायला लागलं, आणि एकदा असं वाटायला लागलं की जेवण कसलं आणि झोप कसली.

निघायच्या आदल्या दुपारी बागेच्या फाटकातून पंचफुला आत आली. हातात पिशवी, पिशवीत डबा.

"माय? तू इथं?"

"फोनवर तुपला आवाज बसल्यावानी वाटला. म्हनलं, बघून यावं." तिनं इकडंतिकडं बघितलं आणि नाकाला पदर लावला. "हेच का ते?"

"हेच."

वाद घालायचंही लुंबिनीला त्राण नव्हतं. तिनं आईला गजांपासून लांब प्लास्टिकच्या खुर्चीवर बसवलं आणि कामाला लागली. पंचफुला बघत राहिली. लेक कुलूप लावते, ओढून बघते, चार पावलं जाते आणि परत येऊन पुन्हा ओढते. मांसाचा प्रत्येक तुकडा उलटसुलट करून वास घेते. हात कोपरापर्यंत साबणानं धुते. वाघ जरा खोकला तर हातातलं टाकून धावते. पंचफुलाचा पदर कधी नाकावरून खाली आला, ते तिचं तिलाही कळलं नाही.

दुपारचा प्रयत्नही फसला. लुंबिनी पिंजऱ्याशी बसून 'ये, ये' करून थकली आणि शेवटी तिथंच गुडघ्यात डोकं घालून रडली. मामांनी काठी काढून घेतली. डॉक्टरांनी पाण्याची बाटली पुढं केली. पंचफुलानं डबा उघडून भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी सगळ्यांच्या हातावर ठेवली.

"ह्याला सुई टोचली तर खरंच जाईल का हो?" तिनं डॉक्टरांना विचारलं.

"जाऊ शकतो, काकू."

पंचफुला वाघाकडं बघत बसली. तोही आता पुन्हा पिंजऱ्याच्या तोंडाशी येऊन, पंजे पुढं टाकून बसला होता. थोड्या वेळानं ती उठली. शेवटची नाही, पण बसायला जागा मिळणारी एसटी गाठायची होती. पिशवी उचलली, पदर खोचला, आणि नेहमीच्या सवयीनं म्हणाली, "बरं, येते गं लुंबे. येते."

सुभेदार उठला. वळला. पाय ओढत थेट मागच्या कोपऱ्यात गेला, फळीवर बसला आणि भिंतीतल्या खिडकीकडं तोंड वर करून बघायला लागला. त्याच खिडकीतून मामा रोज संध्याकाळी शेवटचा तुकडा टाकायचे. सटवाजीमामांचा हातही सवयीनं मांसाच्या टबाकडं गेला आणि मध्येच थांबला.

मायलेकींचा आवाज इतका सारखा होता, की फोनवर रविकांत वाघमारे, म्हणजे लुंबिनीचा बापसुद्धा फसायचा. डॉक्टर सुकन्या ताडकन उठल्या.

"काकू, आता काय म्हणालात?"

"मी? काय न्हाई बा. येते म्हनलं."

"लुंबिनी, रोज संध्याकाळी निघताना तू ह्याला काय म्हणतेस?"

"काय म्हणणार? येते म्हणते. येते रे, येते." लुंबिनी डोळे पुसत म्हणाली. "जाते कसं म्हणायचं?"

बोलता बोलता तिनं कोपऱ्यातल्या सुभेदाराकडं बघितलं. मग हळूहळू तिचा हात कपाळाकडं गेला.

आपल्याकडं निघताना 'जाते' कोण म्हणतं? जाणारा माणूसही येतोच म्हणतो, तसंच शिकवलेलं असतं. लुंबिनी रोज संध्याकाळी कुलपं ओढून, हात पुसून, पाठ फिरवता फिरवता 'येते रे, येते' म्हणायची, आणि मागं वळून कधी बघायची नाही. तिच्या पाठीमागं वाघ उठून कोपऱ्यात जायचा आणि मामा खिडकीतून तुकडा टाकायचे. मामांना वाटायचं, वासावर येतो. किती वर्षं हे चाललं होतं. सुभेदाराच्या लेखी लुंबिनीच्या तोंडून 'ये' निघालं, की त्याचा अर्थ एकच: दिवस संपला, कोपऱ्यात जा, शेवटचा तुकडा येतोय. वाघ रुसला नव्हता आणि त्याचं डोकंही फिरलं नव्हतं. इतके दिवस त्या बागेत सांगितलेलं तंतोतंत ऐकणारा तो एकटाच होता.

पंचफुला आधी बघत राहिली आणि मग पदर तोंडाला लावून हसत सुटली. "जातानाबी येते म्हनायचं, अन् बोलवतानाबी ये म्हनायचं! त्या मुक्या जिवानं समजायचं तरी काय?"

"एका शब्दावर येतो म्हणाली होतीस ना तू," मामा म्हणाले. "एका शब्दावर जायला लागलाय, बाई!"

लुंबिनी हसली, रडली, दोन्ही एकदम. तिला पहिल्यांदा वाटलं ते हे, की त्यानं माझं ऐकणं सोडलं नव्हतं. इतके दिवस मी हाका मारत होते आणि तो बिचारा दर वेळी मान देत होता.

डॉक्टरांचं डोकं मात्र पुढं धावत होतं. त्या कोपऱ्यात साफसफाईसाठी एक दार होतं, गल्लीत उघडणारं. "पिंजरा इकडून काढा," त्या म्हणाल्या, "आणि त्या दाराला लावा. त्याला नवीन काही शिकवायला वेळ नाही. त्याला जे येतंय, तेच करू द्या."

संध्याकाळपर्यंत सगळे राबले. ट्रॉलीवर पिंजरा फिरवून मागच्या गल्लीत आणला, दाराला बसवला, साखळ्यांनी आवळला. सुभेदाराला तेवढा वेळ आवारात सोडून त्याची बसायची फळी उचलून पिंजऱ्यात ठेवली, म्हणजे वास त्याचाच राहावा. पंचफुलाची एसटी केव्हाच गेली होती. ती म्हणाली, "आता काय जात न्हाई मी. बघूनच जाते." मग तिनं पदर खोचला आणि कुणी न सांगता मांसाचा टब विसळायला घेतला. लुंबिनी काही बोलायला गेली, तर म्हणाली, "गप. काम कर."

सकाळी धुकं होतं. ट्रक गल्लीच्या तोंडाशी उभा. उमाशंकर साहेब, नांदेडची माणसं, सगळे भिंतीला पाठ लावून उभे. बोलायचं नाही, हलायचं नाही, फोन काढायचा नाही, अशी डॉक्टरांची सक्त ताकीद. भुलीची बंदूक जीपच्या बॉनेटवर फडक्याखाली झाकलेली. तिच्याकडं सगळे चोरून बघत होते.

सुभेदार पुढच्या गजांशी बसला होता. मागचं दार उघडं, त्यापलीकडं पिंजरा.

वाघाला फसवता येत नाही, हे लुंबिनीला ठाऊक होतं. संध्याकाळी करते ते सगळं करायला हवं होतं. तिनं कुलपं ओढली. पुन्हा ओढली. बादली खुंटीला अडकवली. हात पुसले. स्कार्फ डोक्याला गुंडाळला. मग तोंड उघडलं, आणि आवाजच फुटला नाही. घशातून नुसती खरखर आली. सुभेदारानं कान टवकारले, पण जागचा हलला नाही.

डॉक्टरांनी एक पाऊल जीपकडं टाकलं.

लुंबिनीला स्वतःचा भयंकर राग आला. लातूरभर तोंड वाजवत फिरलीस, आणि आज बोलायची वेळ आली तर घसा धरतोय? तिनं पाठ फिरवली, रोज फिरवायची तशीच, आणि सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाली, "येते रे सुभेदार. येते."

आधी मागं काहीच हललं नाही. मग एक पाय ओढल्याचा आवाज आला, ओळखीचा. ती वळून बघू शकत नव्हती. पाठीकडं डोळे असते तर बरं झालं असतं, असं तिला आयुष्यात पहिल्यांदाच वाटलं. समोर भिंतीशी पंचफुला उभी होती, तिला सगळं दिसत होतं. लुंबिनी आईच्या चेहऱ्याकडं बघत राहिली, आणि त्या चेहऱ्यावरच तिनं वाघ चालताना बघितला.

पंचफुलाचे डोळे हळूहळू सरकत कोपऱ्याकडं गेले. थांबले. वाघ उंबऱ्याशी थबकला असणार. मामांनी पलीकडून तुकडा टाकल्याचा धप्प आवाज आला. पंचफुलानं श्वास रोखला. फळी करकरली. तिचा हात तोंडावर गेला. अजून साखळी का सोडत नाहीत? लुंबिनीला कळेना. शेपूट, शेपूट बाहेर असणार. शेपटीवर दरवाजा सोडता येत नाही. मग आत हाड फोडल्याचा आवाज आला, आणि लगेच साखळीची सळसळ. दरवाजा मामांनी असा सोडला की तो टेकल्याचं कुणाला कळलंही नाही.

पंचफुला हसली.

कुणी टाळी वाजवली नाही, बंदीच होती. उमाशंकर साहेब डोक्यावरची कानटोपी काढून तशीच हातात धरून उभे राहिले. नांदेडहून आलेला मोठा गडी दुसऱ्याच्या खांद्यावर हात ठेवून डोळे टिपत होता. डॉक्टर सुकन्यांनी बंदुकीतून औषध काढलं, मातीत ओतलं आणि पायानं त्यावर माती लोटली. आणि लुंबिनीला इतका अभिमान वाटला, इतका, की तो कुणाला सांगावा असंही तिला वाटलं नाही. तिच्यासाठी ही नवीनच गोष्ट होती.

आज येते म्हणून ती खरंच त्याच्या मागोमाग निघाली. ट्रक पुढं, जीप मागं. जीपमध्ये डॉक्टर, लुंबिनी आणि पंचफुलाही. अहमदपूर वाटेवरच होतं, तिथं उतरायचं ठरलं. सटवाजीमामा फाटकाशी उभे राहिले आणि गाडी वळल्यावर उपरण्यात तोंड खुपसलं.

अहमदपूरला चौकाच्या अलीकडं झाडाखाली गाडी थांबवली. वाघाला पाणी दाखवायचं होतं, श्वास बघायचा होता. ताडपत्री जरा वर केली आणि कुणाच्या तरी तोंडून गेलं, "वाघ!" झालं. बघता बघता चौक गोळा झाला. पोरं चाकावर चढली, कुणी शीळ घातली, कुणी फळीवर थाप मारली, फोन वर झाले. आत सुभेदार गुरगुरला आणि पिंजऱ्यात कसाबसा वळायला लागला. डॉक्टरांचा चेहरा उतरला. असा घाबरून धापा टाकायला लागला तर इथवर आणलेलं सगळं पाण्यात.

"मागं व्हा! अहो, मागं व्हा!" लुंबिनी ओरडत होती. ती ट्रकवर चढली होती, हातात पाण्याची नळी. तिच्याकडं कोण बघतं? ड्रायव्हर ओरडला, त्यालाही कुणी जुमानलं नाही.

पंचफुला जीपमधून उतरली. गर्दीत तिच्या गल्लीतल्या बाया होत्या. सिंधु होती, शेजारची.

"अगं पंचफुलाबाई, तू कुठून? अन् ती वरती खाकीतली कोन हाय?"

पंचफुलानं पदर कमरेला खोचला. ती सरळ गर्दीत घुसली. एकाचा फोनवाला हात खाली केला, एकाला दंडाला धरून चाकावरून उतरवला, आणि ट्रकला पाठ लावून गर्दीकडं तोंड करून उभी राहिली. कमरेला पदर, हातात रिकामा डबा. आवाज असा काढला, की पार स्टँडपर्यंत गेला असेल.

"मागं सरका सगळे! एक शब्द बोलायचा न्हाई! मपल्या लेकीचं काम चालू हाय!"

गर्दी मागं सरकली. शीळ थांबली, फोन खाली झाले, आणि बाया एकमेकींकडं बघत गप्प उभ्या राहिल्या. त्या शांततेत लुंबिनीनं नळी गजांतून आत सोडली. थोड्या वेळानं अख्ख्या चौकाला ऐकू आलं, वाघ पाणी पीत होता.